टाळ आणि तिथी : बारामती-इंदापूरच्या वाटेवरील एक जिवंत कालगणना

कालगणना म्हटली की दुकानातील भिंतीवर टांगलेली दिनदर्शिका, देवघरातील पंचांग किंवा गादीवरची रोजकीर्द डोळ्यांसमोर येते. यांपैकी कशावरही अवलंबून नसलेली एक कालगणना बारामती आणि इंदापूर या दोन तालुक्यांतून दर वर्षी पायी चालत जाते. तिचे आधार दोनच : आकाशातील चंद्र आणि माणसाच्या गळ्यातील गाणे. जगद्गुरू तुकोबारायांच्या पालखीबरोबर चालणारा वारकरी महिना ओळखतो तो चंद्रावरून, प्रहर ओळखतो तो चाललेल्या भजनावरून आणि वार ओळखतो तो त्या दिवशी म्हटल्या जाणाऱ्या अभंगावरून. पालखीचे स्वागत करणारे, तिच्यासाठी दुकानात माल भरणारे आणि दिंड्यांना जेवू घालणारे आपण सारे तिला सोहळा म्हणून ओळखतो. कालगणना म्हणून तिच्याकडे क्वचितच पाहिले जाते. तसे पाहिले, तर व्यापारी कुटुंबांना विचार करायला लावणाऱ्या काही गोष्टी हाती लागतात.

माणसांनी बसवलेली घडी

पंढरीची वारी फार जुनी. आज आपण पाहतो ती पालखीची शिस्तबद्ध घडी मात्र ज्ञात माणसांनी, ज्ञात काळात बसवली आहे. तुकोबारायांचे धाकटे पुत्र नारायण महाराज यांनी १६८५ मध्ये पालखी सोहळा सुरू केला. देहूहून तुकोबारायांच्या पादुका निघत, आळंदीहून ज्ञानोबारायांच्या पादुका सोबत घेतल्या जात आणि दोन्ही संतांच्या नावाचा एकत्र गजर करीत समाज पंढरीस जाई. पुढे एकोणिसाव्या शतकात, १८३२ च्या सुमारास, सातारा जिल्ह्यातील आरफळचे हैबतरावबाबा यांनी आळंदीचा सोहळा स्वतंत्र केला. शिंदे सरकारच्या पदरी राहिलेल्या या गृहस्थांनी लष्करी शिस्तीची जाण भजनाच्या कामी लावली. कोणती दिंडी कोठे चालेल, कोणते भजन केव्हा होईल, चोपदाराने दंड वर केल्यावर टाळ कसे थांबतील, याची रीत लागली.

थोडक्यात, ही कालगणना आकाशातून पडलेली नाही. तिचे माप चंद्राचे, पण मांडणी माणसाची. माणसांनी रचलेल्या कितीतरी कालगणना जगात आल्या आणि गेल्या. ही टिकली. ती का टिकली, हाच या लेखाचा विषय आहे.

चंद्राची बाजू

तुकोबारायांची पालखी देहूहून ज्येष्ठ वद्य सप्तमीस निघते आणि आषाढ शुद्ध दशमीस पंढरपुरात पोहोचते. दुसऱ्या दिवशी आषाढी एकादशी. सप्तमी ते एकादशी हे अंतर तिथींनी मोजले, तर नेहमी एकोणीस तिथींचे. इंग्रजी तारखांनी मोजले, तर ते दर वर्षी तेवढेच भरत नाही. २०२२ मध्ये प्रस्थान २० जूनला आणि एकादशी १० जुलैला, म्हणजे वीस दिवस. २०२३ मध्ये १० जून ते २९ जून, एकोणीस दिवस. २०२४ मध्ये २८ जून ते १७ जुलै, पुन्हा एकोणीस. २०२५ मध्ये १८ जून ते ६ जुलै, केवळ अठरा.

याचे कारण तिथीच्या व्याख्येत आहे. चंद्र सूर्यापासून बारा अंश पुढे सरकला की एक तिथी पूर्ण होते. चंद्राची गती सारखी नसल्याने कधी तिथी वीस तासांच्याही आत आटोपते, तर कधी सव्वीस तासांहून अधिक लांबते. सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची. एखादी तिथी दोन सूर्योदय पाहते, तेव्हा तिची वृद्धी होते. एकही सूर्योदय न पाहता संपते, तेव्हा तिचा क्षय होतो. पक्खीचा उपवास नेमका कोणत्या दिवशी, हे ठरवताना ज्येष्ठ मंडळी पंचांगात उदयतिथी पाहतात, ती याचसाठी.

वाढलेला वा घटलेला दिवस वाटेवर कोठेतरी उतरावा लागतो. तुकोबारायांची पालखी २०२३ मध्ये १८ जून रोजी आणि २०२५ मध्ये २६ जून रोजी बारामतीस आली. दोन्ही वर्षी देहूहून बारामतीस यायला आठच दिवस लागले. बारामतीहून पंढरपूर गाठायला मात्र २०२३ मध्ये दहा दिवस मिळाले आणि २०२५ मध्ये नऊ. चंद्राने दिलेला वा काढून घेतलेला एक दिवस असा बारामतीच्या पुढे सामावला गेला. देहू संस्थान दर वर्षी मुक्कामांचे वेळापत्रक आधी जाहीर करते, गावे त्यानुसार तयारीला लागतात आणि कोणालाही यात काही अडचण वाटत नाही.

आणखी एक गोष्ट सहसा लक्षात येत नाही. १८ जून २०२३ ही ज्येष्ठ अमावास्या होती आणि २६ जून २०२५ ही आषाढ शुद्ध प्रतिपदा. पालखी बारामतीत असते ती जवळजवळ दर वर्षी अमावास्येच्या उंबरठ्यावर. देहूहून निघताना आकाशात वद्य पक्षाचा अर्धा चंद्र असतो. यवत, वरवंड, रोटीचा घाट, उंडवडी गवळ्याची असे मुक्काम आणि टप्पे मागे पडत असताना तो रोज उशिरा उगवत आणि झिजत जातो. बारामतीत तो दिसेनासा होतो. काटेवाडीत परीट बांधव धोतरांच्या पायघड्या घालतात, मेंढ्यांचे रिंगण होते, पुढे सणसर येते, बेलवाडीला अश्वांचे पहिले गोल रिंगण होते, आणि तोवर पश्चिमेला नव्या महिन्याची कोर उमटलेली असते. निमगाव केतकी, इंदापूर, सराटी असा प्रवास होताना ती रोज वाढते. सराटीला नीरेचे स्नान होऊन पालखी सोलापूर जिल्ह्यात शिरते आणि पंढरपूर येईपर्यंत चंद्र पूर्णत्वाकडे झुकलेला असतो. ज्येष्ठ संपून आषाढ लागतो तो याच दोन तालुक्यांच्या भूमीवर. पालखीचा सांधा बारामतीत आहे असे म्हणता येईल.

गाण्याची बाजू

चंद्र महिना आणि तिथी सांगतो. दिवसाचे भाग मात्र गाणे सांगते. वारकऱ्यांच्या भजनी मालिकेत दिवसाचा क्रम ठरलेला आहे. पहाटे काकडा, त्यानंतर भूपाळ्या, वासुदेव, आंधळे, पांगळे, जोगी अशी रूपकांची प्रकरणे; वाटचालीत रूपाचे अभंग आणि पुढे गौळणी; सायंकाळी हरिपाठ; रात्री कीर्तन आणि जागर. सोमवारपासून रविवारपर्यंत प्रत्येक वाराचे अभंग वेगळे, एकादशीचे वेगळे आणि द्वादशीस खिरापतीचे वेगळे. मनगटावर घड्याळ नसलेला वारकरी डोळे मिटून ऐकतो आणि दिवस किती वर आला, आज वार कोणता, हे सांगू शकतो.

वर्षाचीही अशीच वाटणी आहे. कोजागरीपासून कार्तिकी पौर्णिमेपर्यंत अनेक गावांत पहाटेचा काकडा चालतो. त्या महिन्याभरात पहाटेच्या आवाजावरून ऋतू कळतो.

गाण्याला वेळ आणि ऋतू जोडण्याची ही रीत केवळ भजनापुरती नाही. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या आश्रयाने शार्ङ्गदेवांनी ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. त्यात रागांचे प्रहर आणि ऋतू सांगितले आहेत. त्याच सुमाराचा ‘संगीतसमयसार’ हा ग्रंथ पार्श्वदेव या जैन आचार्यांचा. आजही पहाटे भैरव, पावसाळ्यात मल्हार आणि वसंतात बहार हा संकेत गायक पाळतात. चंद्र आणि स्वर यांनी काळ मोजण्याची सवय अशी या मातीत खोल रुजलेली आहे.

चंद्राविना, गाण्याविना

टिकलेल्या कालगणनेची परीक्षा न टिकलेल्या कालगणनेशेजारी ठेवल्यावर होते. फ्रान्सच्या राज्यक्रांतीनंतर तेथील विद्वानांनी १७९३ मध्ये नवी दिनदर्शिका लागू केली. दहा दिवसांचा आठवडा, तीस दिवसांचे सारखे महिने, महिन्यांना ऋतूंची सुंदर नावे. हिशेबाला ती सोपी होती. बाजारहाट, सण आणि विश्रांतीचा जुना दिवस यांशी तिचा मेळ बसला नाही. १८०५ अखेरीस नेपोलियनने ती गुंडाळली.

आपल्या देशाचाही असाच एक प्रयत्न आहे. देशात निरनिराळी पंचांगे चालत, एकाच सणाच्या तारखा प्रांतोप्रांती वेगळ्या येत. हा गोंधळ मिटावा म्हणून १९५२ मध्ये ज्येष्ठ शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. तिच्या शिफारशीनुसार २२ मार्च १९५७ या दिवसापासून, म्हणजे १ चैत्र शके १८७९ पासून, राष्ट्रीय दिनदर्शिका स्वीकारण्यात आली. चैत्र नेहमी २२ मार्चला, लीप वर्षात २१ मार्चला, सुरू होतो. वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने एकतीस दिवसांचे, उरलेले तीस दिवसांचे; चैत्र मात्र लीप वर्षात एकतीसचा. खगोलशास्त्राच्या दृष्टीने ही रचना चोख आहे आणि तिच्यामागचा हेतूही थोर होता.

तरीही ती राजपत्राच्या माथ्यावर राहिली, घरात आली नाही. त्याचे एक कारण आषाढाच्या उदाहरणाने कळते. राष्ट्रीय दिनदर्शिकेचा आषाढ दर वर्षी २२ जूनलाच लागतो, त्यामुळे तिच्या आषाढाची ११ तारीख नेहमी २ जुलैला येते. त्या दिवशी आकाशात चंद्र कोणत्याही कलेचा असू शकतो आणि पंढरपुरात एकादशी असेलच असे नाही. नाव आषाढाचे, पण त्या नावाबरोबर येणारी वारी, उपवास, व्रते, चातुर्मास यांपैकी काहीच त्यात नाही. त्या तारखेला गायचे असे एकही गाणे नाही. शासनाचा शिक्का असलेली कालगणना लोकांच्या तोंडी बसली नाही, आणि कोणत्याही शिक्क्याविना चाललेली कालगणना तीनशे वर्षांहून अधिक काळ चालते आहे.

मिती आणि तारीख

व्यापारी कुटुंबांना हा विषय परका नाही. जुन्या हुंडीवर तारीख नसे, मिती असे. वहीपूजन दिवाळीला होई आणि विक्रम संवताचे नवे वर्ष कार्तिक शुद्ध प्रतिपदेला सुरू होई. त्याच प्रतिपदेला वीर निर्वाण संवतही पालटते. भगवान महावीरांचे निर्वाण अमावास्येच्या रात्रीचे, इसवी सनापूर्वी ५२७ मधील मानले जाते. अमावास्येची रात्र आणि नव्या वहीचे पहिले पान हे नाते चंद्रानेच जोडले आहे.

कायद्याने ही मिती हळूहळू बाजूला सारली. सरकारी आर्थिक वर्ष १८६७ पासून १ एप्रिलला सुरू होऊ लागले. मुदतीच्या कायद्यात असे कलम आहे की दस्तऐवजातील मुदत इंग्रजी दिनदर्शिकेप्रमाणे लिहिली आहे असे मानूनच दाव्याची मुदत मोजावी. आजच्या १९६३ च्या कायद्यात ते चोविसावे कलम होय. यामागे व्यवहाराची निकड होती. एखाद्याने मितीने चार महिन्यांची वचनचिठ्ठी लिहिली आणि मध्येच अधिक महिना आला, तर चार महिने कोणते यावर वाद उद्भवणार. न्यायालयाला एकच पट्टी हवी होती. ती सूर्याची मिळाली.

राष्ट्रीय दिनदर्शिकेचा मान मात्र बँकेच्या कारभारात आजही राखलेला आहे. हिंदीत लिहिलेल्या धनादेशावर शक संवताची राष्ट्रीय तारीख असेल आणि बाकी सर्व ठीक असेल, तर तो बँकांनी स्वीकारावा, अशी रिझर्व्ह बँकेची सूचना आहे. बँकेने फक्त समान इंग्रजी तारीख काढून धनादेशाची तीन महिन्यांची मुदत टळलेली नाही ना, एवढे पाहायचे. असा धनादेश खिडकीवर किती वेळा येतो, हे बँकेत काम केलेल्या कोणालाही विचारावे.

इंदापूर तालुक्यातच कालगणनांची कशी गर्दी आहे पाहा. बेलवाडीच्या रिंगणापासून जवळच वालचंदनगर आहे. सोलापूरच्या जैन कुटुंबात १८८२ मध्ये जन्मलेले वालचंद हिराचंद यांनी १९३० च्या दशकात तेथे साखर कारखाना उभा केला आणि माळावर वसाहत वसवली. साखरेचे वर्ष १ ऑक्टोबरला सुरू होते, गळीत हंगाम ऊस पाहून, कामगारांची पाळी भोंग्यावर, हिशेब १ एप्रिलपासून, शाळा जूनमध्ये. या साऱ्यांच्या मधून दर वर्षी तिथीने येणारी पालखी जाते आणि त्या दिवसापुरती बाकीची सर्व वर्षे तिच्यासाठी वाट मोकळी करतात. बाजारपेठेतील किराणा दुकानदार साबुदाणा, शेंगदाणे, राजगिरा, गूळ यांची मागणी नोंदवताना इंग्रजी महिना पाहत नाही. एकादशी कधी आहे ते पाहतो. २०२३ मध्ये एकादशी २९ जूनला होती आणि २०२४ मध्ये १७ जुलैला. गतवर्षीच्या तारखेवर माल भरणाऱ्याला हे अठरा दिवसांचे अंतर महागात पडले असते.

हे अंतर पडते ते अधिक महिन्यामुळे. चांद्र वर्ष सुमारे ३५४ दिवसांचे, सौर वर्षाहून अकरा दिवसांनी कमी. म्हणून एकादशी एक-दोन वर्षे अकरा-अकरा दिवसांनी अलीकडे सरकते आणि मग सुमारे बत्तीस-तेहतीस महिन्यांनी येणारा अधिक महिना तिला पुन्हा पुढे नेतो. एकोणीस वर्षांत असे सात अधिक महिने येतात. व्यापाऱ्याच्या भाषेत सांगायचे तर चंद्राच्या खात्यात तूट साठत जाते आणि ठरावीक काळाने जुळवणीची नोंद होते.

जैन आचारातील तेच सूत्र

चंद्र आणि पाठ यांची ही सांगड जैन घरांत अधिकच ठळक आहे. राई, देवसी, पक्खी, चौमासी आणि संवत्सरी ही पाच प्रतिक्रमणे म्हणजे रात्र, दिवस, पक्ष, चार महिने आणि वर्ष अशी काळाची पाच मापेच आहेत. प्रत्येक मापाच्या शेवटी सूत्रे म्हणायची, झालेल्या दोषांचा हिशेब करायचा आणि क्षमा मागायची. चौमासी चतुर्दशी वर्षातून तीन वेळा येते : कार्तिक, फाल्गुन आणि आषाढ. दिगंबर परंपरेतील अष्टाह्निका पर्वही याच तीन महिन्यांत, शुद्ध अष्टमीपासून पौर्णिमेपर्यंत. आषाढी एकादशीनंतर तीन दिवसांनी चौमासी चतुर्दशी येते आणि साधू-साध्वी एका गावी स्थिर होतात. वारकरी परतीच्या वाटेस लागण्याच्या आणि साधू-साध्वींचा विहार थांबण्याच्या वेळा चंद्राच्या एकाच पंधरवड्यात जुळलेल्या आहेत.

महिन्यांना गाण्यात गुंफण्याचे कामही जैन कवींनी फार पूर्वी केले. तेराव्या शतकातील विनयचंद्रसूरींच्या ‘नेमिनाथ चतुष्पदिका’ या रचनेत राजुलच्या विरहाचे बारा महिने येतात. पुढे बहरलेल्या बारमासा काव्यप्रकारातील ती अगदी आरंभीच्या रचनांपैकी एक मानली जाते. गिरनारच्या वाटेकडे डोळे लावून बसलेल्या राजुलचा प्रत्येक महिना ऐकणाऱ्याला त्या महिन्याचा ऋतू शिकवून जातो. पर्युषणातील स्तवने, दशलक्षणातील पूजा, आयंबिलच्या ओळीतील पाठ हे सारे त्याच जातीचे आहे. ज्या घरात हे म्हटले जाते तेथे लहान मुलालाही भाद्रपद म्हणजे काय हे पंचांग न उघडता कळते.

कशाला धक्का लागतो आहे

वर्तमानाची चिंता येथेच आहे. सोलापूरचे दाते पंचांग आणि १९७३ पासून घराघरांत पोहोचलेले जयंतराव साळगावकरांचे ‘कालनिर्णय’ यांनी तिथी छापील चौकोनात आणून दिली, हे उपकारच. मोबाइलवर तर ती बोटाच्या स्पर्शाने दिसते. तिथी दिसणे आणि तिथी ठाऊक असणे यांत मात्र अंतर आहे. कोर पाहून द्वितीया ओळखणारे आजोबा आणि ‘आज चौदस आहे का?’ म्हणून फोन चाळणारा नातू एकाच घरात राहतात. नातवाकडे माहिती अधिक अचूक आहे, यात शंका नाही. त्याच्याजवळ नाही ती त्या दिवसाशी बांधलेली स्तवनाची ओळ. संस्कार ज्याला म्हणतात तो बहुधा या ओळीतून उतरतो.

वारीने या बाबतीत एक साधा मार्ग दाखवला आहे. कोणालाही पंचांग शिकवले जात नाही, दिंडीत चालायला लावले जाते. पाच-सहा वर्षे हरिपाठ कानावर पडला की सायंकाळ त्याच्याशी जोडली जाते. हीच रीत घरात आणता येण्यासारखी आहे. पक्खीच्या सायंकाळी प्रतिक्रमणाला मुलांना सोबत बसवावे, अर्थ पुढे कळेल. रोजकीर्दीत इंग्रजी तारखेशेजारी मिती लिहिण्याची प्रथा ज्या पेढ्यांवर अजून आहे ती मोडू नये. जेथे मोडली आहे तेथे वहीपूजनाच्या दिवसापासून पुन्हा सुरू करावी. संगणकावरच्या हिशेबातही शेरा लिहिण्याची जागा असते. पालखीच्या दिवशी अन्नदानाच्या पंगतीत वाढायला मुलांना न्यावे आणि त्या रात्री आकाशात चंद्र का नाही, हे त्यांना विचारावे. उत्तर त्यांचे त्यांनी शोधावे.

२०२६ मध्ये १७ मे ते १५ जून हा अधिक ज्येष्ठ महिना. त्यामुळे त्या वर्षी आषाढी एकादशी २५ जुलैला, २०२५ च्या तुलनेत एकोणीस दिवस उशिरा. बारामती आणि इंदापूरच्या पेठांत माल तसाच उशिरा भरावा लागेल, चातुर्मासाची तयारीही त्याच बेताने करावी लागेल. पालखी मात्र आपल्या तिथीलाच निघेल आणि अमावास्येच्या आसपास बारामतीच्या वेशीवर टाळांचा आवाज येईल.